स्वयंचलित मराठी सबटायटल्स आणि ‘याया डब’: नेरूळच्या घरातला तीन महिन्यांचा अनुभव

नेरूळला आमच्या घरी गेली चार वर्षे टीव्ही ऐकण्यापेक्षा वाचलाच अधिक जातो. आईचे वय ७९ आहे आणि तिच्या दोन्ही कानांत श्रवणयंत्रे आहेत. समोर बसून सावकाश बोलले तर तिला सगळे कळते. परंतु टीव्हीवर दोन माणसे एकदम बोलू लागली किंवा मागे संगीत वाजू लागले की यंत्रातून तिला नुसता गलका ऐकू येतो. एके काळी वाशीच्या विष्णुदास भावे नाट्यगृहात महिन्याला एखादे नाटक पाहणारी ही बाई आता नाटकाला येत नाही, कारण शेजारची माणसे हसली की आपण कशाला हसायचे हे तिला कळत नाही आणि ते तिला फार लागते. पडद्याच्या तळाशी मराठी अक्षरे उमटवणाऱ्या सोयीकडे मी म्हणूनच केवळ कुतूहलाने पाहू शकत नाही.

व्हिडिओ दाखवणाऱ्या एका मोठ्या ॲपमध्ये जगातल्या अनेक भाषांमधला एखादा कार्यक्रम लावून, सेटिंगमध्ये जाऊन, सबटायटल्सचा स्वयंचलित अनुवाद मराठीत मागता येतो. या सोयीसाठी वेगळे पैसे पडत नाहीत. आम्ही ती सलग तीन महिने, जवळजवळ रोज संध्याकाळी वापरली आणि तिची कसोटी ज्या कार्यक्रमावर घेतली तो मुद्दाम अवघड निवडला होता: फिलिपाइन्समधील ‘ईट बुलागा’ या दुपारच्या कार्यक्रमातील २०१५ सालची विनोदी मालिका आणि तिची नायिका मेन मेंडोझा. बातम्या, पाककृती, प्रवासवर्णन यांचा अनुवाद यंत्राला बऱ्यापैकी जमतो, हे आता बहुतेकांना ठाऊक आहे. विनोदाचे काय होते ते मला पाहायचे होते.

हा कार्यक्रम निवडण्यामागे माझी नोकरी आहे. मी मालवाहू जहाजांवर इंजिनिअर आहे आणि माझ्या बहुतेक जहाजांवर निम्म्याहून अधिक खलाशी फिलिपिनो असत. २०१५ च्या नोव्हेंबरमध्ये सिंगापूरला काही माणसे बदलली, तेव्हा मनिलाहून आलेल्या एका ऑयलरने, म्हणजे इंजिनरूममधल्या खलाशाने, स्वतःच्या कपड्यांआधी एक हार्ड डिस्क बाहेर काढली. रात्रीच्या जेवणानंतर मेसमध्ये ती टीव्हीला जोडली गेली आणि पुढचे दोन महिने आमच्या जहाजावर दुसरे काही पाहिले गेले नाही. बोसन म्हणजे डेकवरच्या खलाशांचा मुकादम, त्याच्यासारखा रांगडा माणूस, पन्नाशी उलटलेला, पडद्यावरची एक मुलगी लाजली म्हणून टेबलावर थापा मारत असे. मला भाषा येत नव्हती. ‘कुया’ म्हणजे थोरला भाऊ, ‘इंगात’ म्हणजे जपून राहा, ‘काइन तायो’ म्हणजे चला जेवू या, एवढेच शब्द जमले होते. तरीही मी हसत होतो आणि नेमक्या जागी हसत होतो. आईसाठी काय लावावे याचा विचार करताना मला तो मेस आठवला.

मेन मेंडोझा ही मनिलाच्या उत्तरेकडील बुलाकान प्रांतातल्या सांता मारिया गावची मुलगी. तिने हॉटेल व्यवस्थापनाचे शिक्षण घेतले होते. नाटक-सिनेमाशी घरचा संबंध नव्हता. २०१४ च्या अखेरीस बर्लिनच्या एका कंपनीने ‘डबस्मॅश’ नावाचे ॲप आणले होते. त्यात चित्रपटातला संवाद किंवा गाण्याची ओळ, फार तर दहा सेकंदांची, निवडायची आणि तिच्यावर स्वतःचे ओठ हलवून व्हिडिओ करायचा. मेनने २०१५ मध्ये तिथल्या प्रसिद्ध सूत्रसंचालिका क्रिस अकिनो यांच्या आवाजातले तुकडे घेऊन असे व्हिडिओ केले आणि एकत्र जोडून टाकले. क्रिस अकिनो या एका माजी राष्ट्राध्यक्षांच्या कन्या आणि त्या वेळच्या राष्ट्राध्यक्षांच्या भगिनी, त्यामुळे त्यांची बोलण्याची ढब देशात घराघरांत ओळखीची होती. मेनच्या चेहऱ्यावर ती ढब अशी उतरली की तिला ‘डबस्मॅशची राणी’ हे नाव मिळाले. ४ जुलै २०१५ रोजी ती ‘ईट बुलागा’मध्ये दाखल झाली.

या कार्यक्रमात येणे म्हणजे तिथल्या लोकांसाठी काय, हे समजून घ्यायला हवे. ‘ईट बुलागा’ ३० जुलै १९७९ रोजी सुरू झाला. टिटो सोट्टो, विक सोट्टो आणि जोई दे लिऑन या तिघांनी उभा केलेला हा कार्यक्रम भर दुपारी, जेवणाच्या वेळी, सोमवार ते शनिवार थेट दाखवला जातो. तान्ह्या मुलासमोर तोंड झाकून मग हात बाजूला करताना आपण ‘भो!’ करतो, त्यांचे ‘बुलागा’ तेच. माझ्या जहाजावरच्या प्रत्येक फिलिपिनो माणसाच्या लहानपणात या कार्यक्रमाचे शीर्षकगीत होते. ज्या मुलीचे काम कालपर्यंत हातातल्या फोनवर दहा सेकंदांचे होते, ती एका आठवड्यात अशा कार्यक्रमात रोज उभी राहू लागली.

तिला दिलेले पात्र होते ‘याया डब’. याया म्हणजे श्रीमंत घरात माणसांची देखभाल करणारी पगारी बाई. तिची मालकीण लोला निदोरा. लोला म्हणजे आजी. ही आजी वॉली बायोला हे पुरुष विनोदी नट साकारत. पुढे तिच्या दोन बहिणी आल्या, टिदोरा आणि टिनिदोरा, त्याही पाओलो बालेस्तेरोस आणि होसे मनालो या पुरुषांनीच केल्या. आपल्या तमाशातल्या गवळणीत मावशी असते, लुगडे नेसलेला पुरुष, जो कृष्णाला अडवतो, गवळणींना दटावतो आणि सगळ्यांत जास्त टाळ्या घेतो. लोला निदोरा ही त्याच जातकुळीतली. आईला हे नाते सांगावे लागले नाही. पहिल्याच भागात ती म्हणाली, “ही तर मावशीच की रे. कंबरेवर हात बघ कसा ठेवलाय.”

यायाला मात्र स्वतःचा आवाज नव्हता. ती एक शब्दही बोलत नसे. काही सांगायचे झाले की कोणत्या तरी गाण्याचा किंवा जुन्या संवादाचा तुकडा वाजे आणि ती त्यावर ओठ हलवी. नाहीतर जाड मार्करने कागदावर लिहून तो कॅमेऱ्यासमोर धरी. एरवी चेहरा फुगलेला, कोणाशी देणेघेणे नसल्यासारखा. १६ जुलै २०१५ रोजी ती रोजच्याप्रमाणे एका वस्तीत, घराबाहेरच्या प्रसंगात होती आणि स्टुडिओत कार्यक्रमातलाच तरुण नट ऑल्डन रिचर्ड्स तिच्याकडे पडद्यावरून पाहत होता. पडदा दोन भागांत विभागलेला, डावीकडे एक, उजवीकडे दुसरा. तो आपल्याकडे पाहून हसतो आहे हे तिला दिसले आणि तिचा तो फुगलेला चेहरा सुटला. ती पात्र विसरून लाजली. हे लिहिलेले नव्हते. कार्यक्रम थेट होता, त्यामुळे झाकायला वाव नव्हता, आणि त्या काही क्षणांतून ‘ऑल्डब’ ही जोडी आणि ‘काल्येसेर्ये’ ही मालिका जन्माला आली. काल्ये म्हणजे रस्ता. रस्त्यावर, लोकांच्या गर्दीत, बरेचसे उत्स्फूर्तपणे रचले गेलेले रोजचे नाटक.

आता सबटायटल्सकडे येतो.

पहिल्या संध्याकाळी आम्ही नेमका हा १६ जुलैचा प्रसंग लावला. अक्षरे सर्वांत मोठी केली, मागे काळी पट्टी ठेवली, आईची खुर्ची पडद्यापासून सहा फुटांवर आणली. स्टुडिओतले निवेदक बोलत होते तोवर तळाशी भराभर ओळी येत होत्या, त्यांतल्या निम्म्या समजण्यासारख्या होत्या. मग यायाचे दृश्य सुरू झाले आणि पडद्यावर फक्त एक शब्द उमटला: [संगीत]. तो तसाच राहिला. मध्ये गाण्याच्या दोन तुटक ओळी आल्या, त्यांचा दृश्याशी संबंध नव्हता, आणि पुन्हा [संगीत]. मी आईकडे पाहिले. ती अक्षरांकडे पाहतच नव्हती. मुलीने नजर वळवली, ओठ आवळून हसू दाबायचा प्रयत्न केला, तो फसला आणि तिने हाताने तोंड झाकले. आईने त्याच क्षणी पदर तोंडाला लावला आणि ती खांदे हलवत हसू लागली. नाट्यगृह सुटल्यापासून मी तिला असे, इतरांकडे न पाहता, स्वतःहून हसताना फारसे पाहिले नव्हते. यंत्राला ज्या दीड-दोन मिनिटांत सांगण्यासारखे काही सापडले नाही, तेवढ्यात तिला सगळी गोष्ट कळली होती.

पुढच्या तीन महिन्यांतल्या आमच्या अनुभवाचे सार याच दृश्यात आहे, तरी सोयीवर अन्याय होऊ नये म्हणून ती नेमकी कुठे अडते हे तपशिलाने सांगतो.

ही सोय दोन टप्प्यांत चालते. यंत्र प्रथम ध्वनी ऐकून मूळ भाषेतले शब्द ओळखते आणि नंतर त्या शब्दांचा मराठी अनुवाद करते. पहिल्या टप्प्यात एक शब्द चुकला की दुसऱ्या टप्प्यात ओळ चुकते. ‘ईट बुलागा’सारख्या कार्यक्रमात पहिला टप्पाच खडतर आहे. निवेदक एका वाक्यात अर्धे टॅगालॉग, म्हणजे तिथली मुख्य भाषा, आणि अर्धे इंग्रजी बोलतात, वस्तीतल्या गर्दीत कोंबडे आरवतात, मोटारसायकली जातात, शेकडो माणसे किंचाळतात आणि तीन ‘आज्या’ एकमेकींचे वाक्य तोडत असतात. माणसाचा कानसुद्धा तिथे गोंधळतो. स्टुडिओत एकट्या माणसाने केलेले निवेदन आणि वस्तीतला प्रसंग यांच्या सबटायटल्समध्ये जमीन-अस्मानाचा फरक पडतो तो यामुळे.

दुसरा टप्पा मला अधिक महत्त्वाचा वाटतो, कारण तिथे प्रश्न गोंगाटाचा नसून भाषेचा आहे. टॅगालॉगमध्ये ‘तो’ आणि ‘ती’ यांना एकच शब्द आहे, ‘सिया’. आपल्या मराठीत मात्र आला की आली हे ठरवल्याशिवाय वाक्य पुरे होत नाही. यंत्राला काहीतरी निवडावे लागते आणि ते बहुतेक वेळा ‘तो’ निवडते. परिणामी यायाबद्दल बोलताना ओळ येते, “तो लाजला, तो पळून गेला.” आधीच आज्या पुरुषांनी केलेल्या, त्यात नायिका पुल्लिंगी झालेली, पहिल्या आठवड्यात आईने मला तीन वेळा विचारले, “नक्की मुलगीच आहे ना ही?”

दुसरी गोष्ट आदराची. फिलिपिनो माणूस मोठ्यांशी बोलताना वाक्यात ‘पो’ हा छोटा शब्द घालतो. आपण ‘अहो’ म्हणून, ‘तुम्ही’ म्हणून जे करतो तेच तो त्या एका अक्षराने साधतो. ऑल्डन लोला निदोराशी बोलतो ती प्रत्येक ओळ ‘पो’ने भरलेली असते, आणि त्यातच अर्धी गंमत आहे, कारण आजी त्याला कितीही छळते तरी हा मुलगा मर्यादा सोडत नाही. मराठी ओळींत ‘पो’ गळून पडतो आणि तो आजीला सरळ “तू मला तिला भेटू दे” असे सुनावतो. आईच्या मनात त्याच्याविषयी पहिले मत वाईट झाले ते यामुळे. “दिसायला बरा आहे, पण वळण नाही,” असे ती म्हणाली आणि मला व्हिडिओ थांबवून त्याची बाजू मांडावी लागली. भाषांतराने एखाद्याच्या संस्कारांवरच डाग लागतो, हे मी प्रथमच अनुभवले.

मालिकेचे पालुपद होते ‘सा तामांग पानाहोन’. याया आणि ऑल्डन यांनी भेटू पाहिले की लोला निदोरा हेच बजावत असे: योग्य वेळ आली की, आत्ता नाही. जुन्या पद्धतीने, घरच्यांचा मान राखून मुलीला मागणी घालावी, घाई करू नये, हा तिचा आग्रह. पण ‘पानाहोन’ या शब्दाचे दोन अर्थ आहेत, काळ आणि हवामान. यंत्राने एका भागात “योग्य वेळी” लिहिले आणि पुढच्याच भागात “योग्य हवामानात”. त्या दिवशी बाहेर पाऊस कोसळत होता. आई गंभीरपणे म्हणाली, “अरे, पाऊस थांबायची वाट बघतायत का दोघं? मग आधीच सांगायचं होतं.” तिला हे अगदी पटण्यासारखे वाटले होते, आणि मालिकेचा सगळा ताण ज्या तीन शब्दांवर उभा आहे तो तिच्यापुरता त्या संध्याकाळी नाहीसा झाला होता. ‘माहाल’ या शब्दाचेही असेच, त्याचा अर्थ प्रेमही होतो आणि महागही. तिथल्या घोळाचे वर्णन करत बसत नाही. एक मात्र सांगितलेच पाहिजे. कार्यक्रमातले सूत्रधार एखाद्या गरीब वस्तीतल्या घरी अचानक जाऊन बक्षीस देतात, त्या भागाला ‘सुगोद बाहाय’ म्हणतात, म्हणजे घरावर धाव घेणे. सबटायटलमध्ये आले, “घरावर हल्ला.” दारात उभी राहून रडणारी एक म्हातारी आणि खाली ही ओळ. आई खुर्चीतून पुढे सरकली होती. ती म्हातारी आनंदाने रडत होती हे मी सांगेपर्यंत तिच्या जिवाला चैन नव्हते.

विनोदाला मारक ठरणारी आणखी एक अडचण वाक्याच्या बांधणीत आहे. टॅगालॉग वाक्यात क्रियापद बहुधा आरंभी येते, मराठीत ते शेवटी. सबटायटल्स मात्र दोन-तीन सेकंदांच्या तुकड्यांनी येतात. त्यामुळे “लोला निदोराने त्याच्या हातातली फुले” एवढी ओळ दिसते, पडद्यावर गर्दी हसून मोकळी होते, आणि “फेकून दिली” पुढच्या तुकड्यात येते. विनोदात शेवटचा शब्द कधी पडतो यावर सगळे असते. तो एक सेकंद उशिरा आला की वाचणाऱ्याला प्रसंग कळतो, पण हसू येत नाही. वेग पाऊणपट केल्यावर वाचायला सोपे जाते, पण मग नटाची चाल बिघडते, म्हणून तो उपाय आम्ही दोन दिवसांत सोडला.

श्रवणदोष असलेल्या प्रेक्षकाच्या बाजूने माझी सर्वांत मोठी तक्रार वेगळीच आहे. कोण बोलत आहे हे ही सोय सांगत नाही. टाळ्या किंवा हशा कधीमधी नोंदवते, बहुतेकदा नाही. लोक का ओरडले, पाठीमागून कोणाचा आवाज आला, गाणे दुःखाचे होते की लग्नातले, हे ज्याला ऐकू येत नाही त्याच्यासाठी शब्दांइतकेच मोलाचे असते. माणसाने तयार केलेल्या चांगल्या सबटायटल्समध्ये हे असते. यायासारखे पात्र, जे उसन्या आवाजांतूनच बोलते, त्याच्या बाबतीत तर कोणत्या गाण्याची ओळ आणि कोणाचा संवाद हे कळल्याशिवाय अर्धी मजा हाती लागत नाही. मालिकेत ते तुकडे फार विचाराने निवडलेले असत. आणि ती कागदावर लिहून दाखवते ते तर सबटायटल्सच्या कक्षेबाहेरच राहते, कारण यंत्र इथे फक्त आवाज ऐकते, कागद वाचत नाही. दुसऱ्या फोनचा कॅमेरा टीव्हीसमोर धरून तो मजकूर वाचवून घेण्याचा प्रयत्न मी केला. छापील अक्षर त्याला जमते, मार्करचे घाईतले अक्षर, तेही चमकत्या पडद्यावरचे, जवळजवळ जमत नाही.

या सोयीने जिथे साथ दिली तेही सांगणे माझे कर्तव्य आहे. मेन मेंडोझाच्या ज्या मुलाखती बऱ्याचशा इंग्रजीत आहेत, त्यांचा मराठी अनुवाद आईने एकटीने, माझ्या मदतीवाचून वाचला. हॉटेल व्यवस्थापनाचे शिक्षण, सांता मारिया, घरातली भावंडे हे सगळे तिनेच मला सांगितले आणि वर म्हणाली, “शिकलेली पोर आहे. उगाच नाही जमलं.” शांत खोलीत, एक माणूस, स्पष्ट उच्चार, इंग्रजीतून मराठी: या चार गोष्टी जुळल्या तर मजकूर विश्वासाने वाचण्याजोगा असतो, मग विषय कोणताही असो. त्याच आठवड्यात तिने ठाण्याच्या प्राजक्ता कोळी यांचेही व्हिडिओ पाहिले, कारण मी तिला सांगितले होते की त्यांनीही २०१५ मध्येच घरातून व्हिडिओ करायला सुरुवात केली आणि पुढे त्या वेबमालिका व चित्रपटांपर्यंत पोहोचल्या. त्यांचे भराभर हिंदी-इंग्रजी बोलणे यंत्राने टॅगालॉगपेक्षा कितीतरी बरे पकडले. शिवाय ठाण्याची मुलगी म्हटल्यावर आईला निम्मे आधीच ठाऊक असल्यासारखे झाले.

सबटायटल्सवर विसंबून ‘काल्येसेर्ये’ पाहणे अशक्य आहे, हे दुसऱ्या आठवड्याच्या शेवटी मी मान्य केले आणि दुसरी वाट धरली. इंग्रजी अनुवादाच्या ओळी मी आधी एकटा वाचतो. मूळ टॅगालॉगचा अर्धा बोध मेसमधल्या आठवणींतून होतो, इंग्रजी यंत्रही चुकते पण त्याच्या चुका मला ओळखू येतात, आणि कुठे अडलेच तर एका जुन्या सहकाऱ्याला, जो आता फिलिपाइन्समधल्या सेबूला स्थायिक आहे, संदेश पाठवतो. तो दुसऱ्या दिवशी उत्तर देतो आणि उत्तरापेक्षा लांब आठवणी सांगतो. मग मी कोऱ्या कागदांवर जाड मार्करने, एका कागदावर एक वाक्य, मराठीत लिहून ठेवतो: “आजी म्हणते, योग्य वेळ आली की.” “हे लग्नातलं गाणं आहे.” “तो तिला अहो-जाहो करून विचारतो आहे.” भाग लागला की टीव्हीशेजारी बसून योग्य क्षणी कागद वर धरतो. यायाचे कागद वर येतात तेव्हा माझाही येतो. आईला दोन्ही एकाच नजरेत दिसतात आणि वेळ चुकत नाही, कारण शब्द कधी पडायचा हे आता माझ्या हातात आहे.

या पद्धतीने आम्ही जे पाहिले त्यात मला त्या मुलीच्या कामाची उंची पहिल्यापेक्षा अधिक कळली. जहाजावर मी गर्दीबरोबर हसत होतो. इथे एकेक प्रसंग तीन-तीनदा पाहावा लागल्याने दिसले की दहा सेकंदांच्या व्हिडिओंत तिने जे हस्तगत केले होते, त्यावरच ती थेट प्रक्षेपणात उभी होती. दहा सेकंदांत भुवई, ओठ, मान आणि खांदा यांना प्रत्येकी एक काम द्यायचे, कोणतीही हालचाल फुकट घालवायची नाही. टीव्हीवर तिला कितीतरी जास्त वेळ मिळाला, तरी तिने ती काटकसर सोडली नाही. गाण्याचा तुकडा सुरू होण्याआधी ती एक श्वास घेते आणि त्या श्वासातच पुढे राग येणार की रडू, हे कळते. आईने हे माझ्या आधी हेरले. बोटे जवळ घेऊन हात लाडेलाडे हलवण्याची या जोडीची एक लकब होती, तिला ‘पाबेबे’ म्हणत. या शब्दाचा अनुवाद यंत्राने केलाच नाही आणि मलाही तो कागदावर लिहिता आला नाही. आई आता मला दारातून निरोप देताना तसाच हात हलवते, तेव्हा अनुवादाची गरज उरलेली नाही.

मालिकेची पुढची वाट माहीत असलेली बरी, कारण भाग विखुरलेले आहेत आणि क्रम लावून घ्यावा लागतो. अनेक आठवडे दोघे फक्त विभागलेल्या पडद्यावर भेटतात. एकदा एकाच मंचावर येतात तर मध्ये प्लायवूडची भिंत उभी असते. २४ ऑक्टोबर २०१५ रोजी बुलाकान प्रांतातल्या, म्हणजे मेनच्याच प्रांतातल्या, फिलिपाइन अरिनामध्ये ‘तामांग पानाहोन’ हा खास प्रयोग झाला. त्या बंदिस्त प्रेक्षागृहात ५५,००० माणसे बसतात. त्या प्रयोगाच्या नावे चोवीस तासांत ४ कोटी १० लाख ट्विट्स झाले. मालिका २०१६ च्या डिसेंबरपर्यंत चालली. २०१८ पासून मेनने विक सोट्टो यांच्याबरोबर ‘डॅडीज गर्ल’ या विनोदी मालिकेत काम केले, तिथे ती बोलते, भरपूर बोलते, आणि तिचा आवाज ऐकून माझ्यापेक्षा आईच जास्त चकित झाली, कारण श्रवणयंत्रातून पोहोचलेला तेवढा आवाजही तिला ठसठशीत वाटला. २०२३ मध्ये जुने सूत्रधार निर्मात्या कंपनीपासून वेगळे होऊन दुसऱ्या वाहिनीवर गेले आणि २०२४ च्या जानेवारीत ‘ईट बुलागा’ हे नाव त्यांना परत मिळाले. मेन त्यांच्याबरोबरच राहिली. डबस्मॅश हे ॲप मात्र २०२२ मध्ये बंद झाले.

ज्यांच्या घरी ऐकण्याची अडचण असलेले माणूस आहे, त्यांनी ही मराठी सबटायटल्स मुलाखती, माहितीपर कार्यक्रम, पाककृती यांच्यासाठी निःशंक वापरावीत, अक्षर मोठे आणि पट्टी काळी ठेवून. विनोदी कार्यक्रमासाठी ती लावणार असाल तर घरातल्या एकाने आधी भाग पाहून ठेवावा; नाव, नाते आणि लिंग यांची एक चिठ्ठी टीव्हीखाली चिकटवली तरी निम्मा गोंधळ टळतो. भाषा ठाऊक नसलेल्या पाहुण्या विनोदवीराची ओळख करून घ्यायची असेल तर जो अंगाने विनोद करतो त्याच्यापासून सुरुवात करावी, बोलघेवड्यापासून नव्हे. सोय चालवणाऱ्यांकडे माझी एकच मागणी आहे. चुकलेली ओळ तिथल्या तिथे दुरुस्त करून पाठवण्याची वाट प्रेक्षकाला द्यावी. ‘पानाहोन’चा अर्थ सांगायला माझ्याकडे अर्धे जहाज उभे राहील.

गेल्या आठवड्यात मी नोकरीच्या फोनवर होतो, जहाजाच्या तारखा ठरत होत्या आणि बोलणे लांबले. आई स्वयंपाकघरातून आली, माझ्या गठ्ठ्यातला एक कोरा कागद घेतला, मार्करने लिहिले आणि माझ्यासमोर धरून उभी राहिली: “चहा झाला. पुढचा भाग लाव.” पुढचा भाग २४ ऑक्टोबरचा आहे. तो लांब आहे, त्यात आज्यांचे बोलणे पुष्कळ आहे आणि शेवटी लोला निदोराच्या तोंडी एक मोठे भाषण आहे, ज्याच्या अनुवादावर सेबूच्या मित्राशी माझा अजून वाद चालू आहे. अकरा कागद लिहून झाले आहेत, त्या भाषणाचे चार बाकी आहेत.